नासपतीची पेरी: फळ गोळा करण्यापासून बाटली भरेपर्यंत

सायडर, म्हणजे सफरचंदाचा रस आंबवून केलेलं पेय, करतात तशीच पेरी करायची, फक्त सफरचंदाच्या जागी नासपती घ्यायची, असं समजून हात घालणाऱ्याचा पहिला घाणा बहुतेक वेळा फसतो. दोन्ही फळं एकाच कुळातली, यंत्रं तीच, बुधलेही तेच. पण नासपती पिकते वेगळी, तिच्यातली आंबट द्रव्यं वेगळी आणि तिच्या गोडव्यातला एक भाग असा की यीस्टला तो खाताच येत नाही. त्यामुळे कुठे घाई करायची आणि कुठे थांबायचं याचं सायडरचं गणित इथे उपयोगी पडत नाही. हा लेख मुख्यतः त्या गणिताबद्दल आहे.

पेरी म्हणजे नासपतीचा रस आंबवून केलेलं, साधारण ५ ते ८ टक्के अल्कोहोलचं पेय. इंग्लंडच्या पश्चिमेकडचे ग्लॉस्टरशायर, हेरेफर्डशायर आणि वुस्टरशायर हे तीन परगणे तिचं माहेर. ग्लॉस्टरशायर आणि हेरेफर्डशायरच्या सीमेवर मे हिल नावाची टेकडी आहे. ही टेकडी जिथून दिसते तिथलीच पेरी चांगली, असं तिथली माणसं आजही सांगतात. फ्रान्समध्ये नॉर्मंडीतल्या डाँफ्राँच्या पेरीला २००२ साली स्वतःचं भौगोलिक मानांकन मिळालं. ऑस्ट्रियात तर एका अख्ख्या प्रदेशाचं नावच या पेयावरून पडलंय, मोस्टफिअर्टेल. आणि हे सगळं फार जुनं आहे. रोमन शेतीलेखक पॅलेडियस याने नासपती ठेचून, विरळ विणीच्या पोत्यात भरून, वजनाखाली दाबून रस काढायची रीत लिहून ठेवली आहे. हे पेय हिवाळाभर टिकतं, पण उन्हाळा लागला की आंबतं, हेही त्याने नोंदवलंय. त्याचं कारण पुढे येईल, कारण आपल्यालाही त्याच उन्हाळ्याशी झुंजायचंय.

सुरुवातीलाच कायद्याचं सांगतो. ब्रिटनमध्ये स्वतःला पिण्यापुरती पेरी घरी करता येते. विकायची असेल तर नियम वेगळे, आणि विनापरवाना दारू गाळणं तिथेही गुन्हाच. महाराष्ट्रात १९४९ च्या दारूबंदी कायद्याखाली परवान्याशिवाय घरी मद्य करता येत नाही. तेव्हा ही कृती परवानगी आहे तिथे राहणाऱ्यांनी करावी, बाकीच्यांनी हे पेय कसं होतं ते समजून घेण्यासाठी वाचावं.

फळ कुठलं घ्यायचं

खरी पेरी खायच्या नासपतीची होत नाही. पेरीची नासपती बहुधा लहान, कडक आणि इतकी तुरट असते की हिरडा चावल्यासारखं तोंड आवळून येतं. बारलंड नावाच्या जातीबद्दल १७व्या शतकातल्या लिखाणात म्हटलंय की भुकेलं डुकरूही तिला तोंड लावत नाही. पेरी मात्र तिची नावाजलेली. हा तुरटपणा म्हणजे टॅनिन. पेयाला अंग येतं ते त्याच्यामुळेच.

नवख्या माणसाने थॉर्न किंवा ब्लेकनी रेडपासून सुरुवात करावी असं माझं मत आहे. थॉर्न आंबटसर, कमी तुरट आणि सरळ स्वभावाची. ब्लेकनी रेड तिन्ही परगण्यांत भरपूर सापडते आणि तिच्यात सगळं मध्यम प्रमाणात असतं. मूरक्रॉफ्टची पेरी सुंदर होते, पण फळ पडल्यावर दोन-तीन दिवसांतच हातचं जातं. हिलाच 'स्टिंकिंग बिशप' असंही नाव आहे, आणि डायमॉक गावी तयार होणारं त्याच नावाचं प्रसिद्ध चीज पेरीतच धुतलं जातं. बट ही याच्या अगदी उलट, आठवडेच्या आठवडे टिकणारी. या वर्षी बट गोळा करा, पुढच्या वर्षी दळा आणि त्याच्या पुढच्या वर्षी प्या, असं गंमतीने म्हणतात.

ही फळं दुकानात मिळत नाहीत. पेरीची झाडं उंच वाढतात आणि दोन-तीनशे वर्षं जगतात. 'नासपती लावावी वारसांसाठी' ही इंग्रजी म्हण त्यातूनच आलीये. पुष्कळ जुन्या झाडांचं फळ आज कुणी उचलतही नाही. शेतमालकाला सप्टेंबरच्या आधीच विचारून ठेवावं, बहुतेक जण आनंदाने हो म्हणतात. मात्र झाडाखाली गुरं-मेंढ्या चरत असतील तर गोळा करण्याआधी निदान आठ आठवडे ती तिथून हललेली असावीत, कारण शेणातले जंतू फळाला चिकटतात.

पेरीची फळं मिळालीच नाहीत आणि परसातल्या कॉन्फरन्स किंवा विल्यम्स या खायच्या जातींवरच भागवायचं असेल, तर त्यांचा रस फिका पडतो. टॅनिन जवळजवळ नाही, आंबटपणाही कमी. अशा वेळी पाचव्या हिश्शाइतका आंबट रानटी सफरचंदाचा रस मिसळावा. पेय पिण्याजोगं होईल, पण त्यावरून पेरीची पारख करू नये.

आढी, आणि गाभ्याची परीक्षा

सगळ्यात जास्त चुका इथे होतात. सफरचंद बाहेरून आत नासतं. नासपती आतून बाहेर पिकते आणि आतूनच नासते. वरून हिरवीगार, टणक दिसणारी नासपती आडवी कापली तर बियांभोवती तपकिरी, पिचपिचीत गोल दिसतो. आणखी दोन दिवसांत तो सालीपर्यंत पोचतो. तोवर साखर उतरलेली असते, आंबटपणा गेलेला असतो आणि लगद्यातून रस सुटेनासा होतो.

म्हणून फळ पडायला लागलं की आकडीने फांद्या हलवून एकदाच पाडावं, ओलं गवत झटकावं आणि हवेशीर जागी पातळ आढी लावावी. ढीग घालू नये. रोज आढीतली चार-पाच फळं वेगवेगळ्या जागांहून उचलावीत. देठाजवळ अंगठ्याने दाबून पाहावं आणि मग कापावं. देठाजवळ किंचित दबतंय, गर अजून पांढरा आहे, बियांशी जेमतेम पिवळसर छटा आलीये, हा दिवस दळायचा. मूरक्रॉफ्टला हा दिवस पडल्या पडल्या येतो, थॉर्नला आठवड्याच्या आत, बटला कितीतरी उशिरा. कॅलेंडरपेक्षा सुरीवर भरवसा ठेवा. शनिवारी सवड आहे म्हणून बुधवारी तयार झालेलं फळ तसंच ठेवलं, तर शनिवारी अर्धं टाकून द्यावं लागतं.

कच्चं फळही घेऊ नये. त्यातला स्टार्च अजून साखर झालेला नसतो, त्यामुळे पेय पाणचट आणि गढूळ होतं.

दळणं आणि लगदा मुरवणं

१० लिटर रसाला साधारण १८ ते २० किलो फळ लागतं. घरगुती प्रेसमधून वजनाच्या निम्म्याहून थोडा जास्तच रस निघतो. फळ स्वच्छ पाण्यात धुवावं. नासपती पाण्यात बहुधा बुडते, त्यामुळे सफरचंदासारखी तरंगती फळं वेचता येत नाहीत, हाताने खालवर करावी लागतात. काळी पडलेली, बुरशी आलेली फळं काढून टाकावीत. डाग चालतात.

पूर्वी दगडी गोल कुंडात घोड्याने ओढलेल्या दगडी चाकाखाली फळ दळत. घरी स्क्रॅटर, म्हणजे फळाचे बारीक तुकडे करणारं यंत्र, वापरावा. मिक्सरमध्ये पेस्ट करू नये, मग प्रेसच्या कापडातून रस उतरतच नाही. तांदळाच्या कणीपासून वाटाण्याएवढे तुकडे झाले की पुरे. लोखंडाचा किंवा तांब्याचा उघडा भाग रसाला लागू देऊ नका. रस काळा पडतो आणि धातूची चव राहते. स्टेनलेस स्टील किंवा खाद्यपदार्थांसाठीचं प्लॅस्टिक चालतं.

आता पेरीची खास पायरी. फळ तुरट जातीचं असेल तर लगदा लगेच दाबायचा नाही. झाकणाच्या बादलीत भरून थंड जागी रात्रभर ठेवायचा, फार तुरट असेल तर पूर्ण २४ तास. भरताना हिरवट-पांढरा असलेला लगदा तासाभरात वरून गुलाबीसर, मग तपकिरी होतो. सकाळी झाकण उघडलं की मध आणि ओल्या लाकडाचा मिळून एक वास येतो. रंग पाहून घाबरू नका. या काळात टॅनिनचा बराच भाग लगद्यातच अडकून बसतो. ही रात्र वाचवली तर तेच टॅनिन पुढे बाटलीत साखळून गढूळ साका धरतं, आणि चवही घसा खवखवेल इतकी तुरट राहते. उलट थॉर्नसारख्या किंवा खायच्या नासपतीत मुळात टॅनिन थोडंच, तिथे लगदा मुरवला तर आहे तेही जातं. त्यांचा लगदा लगेच दाबावा.

दाबताना चोथा कापडाच्या घड्यांत पातळ थरांनी रचावा आणि स्क्रू हळूहळू फिरवावा. दोन वेळा फिरवलं, पाच मिनिटं थांबलं, पुन्हा फिरवलं, असं केल्याने एका दमात जोर लावण्यापेक्षा जास्त रस येतो.

मोजमाप

रस बुधल्यात ओतायच्या आधी दोन गोष्टी मोजाव्याच लागतात.

पहिली साखर. ती हायड्रोमीटरने मोजतात. रस पाण्याच्या किती पट जड आहे ते तो दाखवतो, साखर जास्त तितका आकडा मोठा. त्यावर चांगल्या पेरीचा रस १.०४५ ते १.०७० च्या दरम्यान येतो. आकडा वहीत लिहून ठेवा, पुढे अल्कोहोलचा हिशोब त्यावरच होतो. साखर वरून घालायची गरज सहसा पडत नाही.

दुसरा पीएच, म्हणजे आंबटपणाचं माप. आकडा जितका कमी तितका रस जास्त आंबट. पट्टीपेक्षा छोटा मीटर घ्यावा, इथे दशांशाने फरक पडतो. खायच्या नासपतीचा पीएच बहुधा ४ च्या आसपास जातो. ३.८ च्या वर असेल तर मॅलिक किंवा टार्टरिक आम्ल लिटरला १ ग्रॅमने वाढवत ३.८ च्या खाली आणावा.

इथे मराठी हात आपसूक लिंबाकडे जातो. लिंबू अजिबात पिळू नका, सायट्रिक आम्लही घालू नका. नासपतीत सायट्रिक आम्ल आधीच सफरचंदापेक्षा जास्त असतं आणि लॅक्टिक जिवाणू त्याचं ॲसेटिक आम्ल करतात, म्हणजे व्हिनेगरचा झोंबरेपणा. सायडरमध्ये हेच जिवाणू मॅलिक आम्लाची धार बोथट करतात म्हणून हवेसे वाटतात. पेरीत त्यांना मोकळं सोडणं महागात पडतं. पॅलेडियसची पेरी उन्हाळ्यात आंबायची ती बहुधा अशीच. ऊब वाढली की जिवाणू जागे होतात.

त्यांना आवरायला सल्फाइट, म्हणजे जंतूंची वाढ रोखणारं रसायन. घरगुती वापराची कॅम्डेन गोळी साडेचार लिटरला एक घातली की सुमारे ५० पीपीएम (दहा लाखांत ५० भाग) होतं. पीएच ३.३ च्या खाली असेल तर तेवढं पुरतं, ३.३ ते ३.५ ला दोन गोळ्या, ३.५ ते ३.८ ला तीन. गोळी कुटून थोड्या रसात विरघळवून घालावी, ढवळावं आणि २४ तास झाकून ठेवावं. त्याआधी यीस्ट घालू नये. सल्फाइट मुळीच न वापरता फळावरच्या जंगली यीस्टवर सुंदर पेरी करणारे लोक आहेत, त्यांची स्वच्छता आणि अनुभव दोन्ही दांडगे असतात. पहिल्या हंगामात हा धोका पत्करू नये असं मला वाटतं. घरात कुणाला दमा असेल तर बाटलीवर सल्फाइट घातल्याचं लिहून ठेवा, काहींना त्याचा त्रास होतो.

आंबवणं

चोवीस तासांनी शॅम्पेन यीस्टची पुडी पाकिटावर दिल्याप्रमाणे कोमट पाण्यात फुलवून घालावी. पहिले काही दिवस फेस जोरात येतो, म्हणून रस झाकणाच्या बादलीत ठेवावा. फेस बसला की काचेच्या बुधल्यात गळ्यापर्यंत भरून एअरलॉक, म्हणजे आतला वायू बाहेर सोडणारं पण हवा आत न येऊ देणारं बूच, लावावा. वर हवा राहू देऊ नये. रस कमी पडला तर लहान बुधला घ्यावा, मोठा अर्धवट भरू नये.

जागा थंड हवी, १२ ते १६ अंश सेल्सिअसची. इंग्लंडमधलं गॅरेज किंवा बागेतली शेड ऑक्टोबरनंतर अगदी योग्य. रेडिएटरशेजारी ठेवली तर दोन आठवड्यांत काम आटोपतं, पण फळाचा वास एअरलॉकमधून उडून जातो. थंडीत हळू आंबलेल्या पेरीत तो राहतो. डिसेंबर-जानेवारीत बुडबुडे जवळजवळ थांबले तरी काही बिघडलेलं नसतं.

हायड्रोमीटर १.०१५ च्या खाली आला आणि तळाशी जाड साका बसला की पेरी सायफन नळीने दुसऱ्या स्वच्छ बुधल्यात घ्यावी. नळीचं तोंड नव्या बुधल्याच्या तळाशी ठेवावं म्हणजे हवा मिसळत नाही. सोबत साडेचार लिटरला एक कॅम्डेन गोळी. सायडरवाले साक्यावर ती वसंतापर्यंत निवांत ठेवतात, पेरी तशी ठेवू नका. मार्च संपायच्या आत ती निवळून साक्यावरून उतरलेली असावी.

आता तो न आंबणारा गोडवा. नासपतीत सॉर्बिटॉल असतं आणि यीस्ट ते खात नाही. म्हणून सायडरचा आकडा १.००० पर्यंत किंवा त्याखाली जातो, पेरीचा मात्र अनेकदा १.००५ ते १.०१५ च्या दरम्यान कायमचा थांबतो. नवखे लोक हे आंबणं अडलं असं समजून आणखी यीस्ट आणि यीस्टचं खाद्य घालतात. काही घालू नका. दोन आठवड्यांच्या अंतराने घेतलेली दोन मापं तंतोतंत सारखी आली तर काम झालं. सुरुवातीचा आकडा १.०५८ आणि शेवटचा १.००८ असेल तर फरक ०.०५०, त्याला १३१ ने गुणलं की साधारण साडेसहा टक्के अल्कोहोल.

दोन जातींच्या पेऱ्या मिसळायचा मोह होतो. आधी एका ग्लासात थोडंसं मिसळून आठवडाभर झाकून ठेवा. दोन्ही पेऱ्या नितळ असल्या तरी एकत्र आल्यावर टॅनिनमुळे कधीकधी दुधासारख्या गढूळ होतात आणि परत निवळत नाहीत. इंग्लंडमधल्या अनेक चांगल्या पेऱ्या एकाच जातीच्या असतात त्याचं हेही एक कारण.

बाटली

साधी, बुडबुड्यांविना पेरी हवी असेल तर स्वच्छ बाटलीत गळ्यापर्यंत भरून बूच लावायचं, इतकंच. पण पेरी फेसाळ शोभते. डाँफ्राँची पेरी बाटलीतच आंबणं पूर्ण करून फेस धरते. ब्रिटनमध्ये शेप्टन मॅलेटच्या शॉवरिंग कुटुंबाने १९५०च्या दशकात बेबीचॅम नावाने फेसाळ पेरी बाजारात आणली आणि पेरी हा शब्दही न ऐकलेल्यांनी ती आवडीने प्यायली.

घरी सुरक्षित रीत अशी. आंबणं पूर्ण संपल्याची खात्री झाल्यावरच लिटरला ८ ग्रॅम साधी साखर घ्यायची, थोड्या पाण्यात उकळून गार करायची आणि सगळ्या पेरीत हलक्या हाताने मिसळायची. नितळ दिसणाऱ्या पेरीतही सहसा पुरेसं यीस्ट असतं, शंका असेल तर चिमूटभर शॅम्पेन यीस्ट घालावं. बिअरच्या जाड बाटल्या आणि धातूचं झाकण, किंवा शॅम्पेनच्या बाटल्या, एवढंच चालतं. वाइनच्या पातळ बाटलीत फेसाळ पेरी कधीही भरू नका, ती फुटते आणि काचा उडतात. थोडी पेरी सोड्याच्या प्लॅस्टिक बाटलीत भरून ती बाकीच्यांबरोबर ठेवा. ती दाबून दगडासारखी लागली की आतला दाब तयार झाला. मग सगळ्या बाटल्या थंड जागी हलवा.

बिघडलं तर

कुजक्या अंड्याचा वास आला तर पेरी एकदा थोडी खळखळवत दुसऱ्या बुधल्यात घ्या, बहुतेकदा जातो. ओतताना तेलासारखी तार सुटत असेल तर तो जिवाणूंचा प्रताप आहे. अपायकारक नाही. जोरात ढवळून साडेचार लिटरला दोन कॅम्डेन गोळ्या घालून ठेवा. पृष्ठभागावर पांढरी साय धरली म्हणजे वर हवा राहिलीये. सायीखालून पेरी काढून घ्या आणि बुधला काठोकाठ भरा. गढूळपणा फक्त डोळ्यांना खटकतो.

उंदराच्या पिंजऱ्यासारखी चव मात्र निराळी. नाकाला काही कळत नाही, घोट गिळल्यावर काही सेकंदांनी घशात येते. तिला उपाय नाही, फेकून द्यावी आणि बुधला, नळ्या, बुचं नीट निर्जंतुक करावीत. स्पष्ट व्हिनेगरच झाली असेल तर व्हिनेगर म्हणून वापरा, लोणच्याला छान लागतं.

पिताना

सॉर्बिटॉलमुळे गोडवा येतो तसं पोटही ढिलं होतं. इंग्रज शेतकऱ्यांचं एक बोलणं आहे: पेरी मखमलीसारखी आत जाते, ढगासारखी गडगडते आणि विजेसारखी बाहेर पडते. पहिल्या दिवशी एक लहान ग्लास पुरे.

बाटलीत भरल्यावर निदान दोन महिने थांबावं. फार तुरट जातींना वर्षही लागतं. थंड प्यावी, पण बर्फगार नको, ८ ते १० अंशांवर नासपतीचा वास नीट कळतो. तिखट रश्शाबरोबर देऊ नका. मिरची आणि टॅनिन एकमेकांना चेव आणतात आणि दोन्ही कडक लागतात. कोथिंबीर वडी, रवा लावून तळलेला मासा, खारट चीज, असं काही सोबत असावं. उघडलेली बाटली त्याच दिवशी संपवावी आणि तळाचा साका ग्लासात येऊ नये म्हणून शेवटची दोन बोटं पेरी बाटलीतच सोडावी.